स्तोरारोच्या रंगांचं पुरे झालं, काळ्याबद्दल बोलूया

इटालियन सिनेमॅटोग्राफर व्हित्तोरिओ स्तोरारोचं नाव निघालं की गाडी लगेच रंगांच्या अर्थांवर येते. नारिंगी म्हणजे अमुक, निळा म्हणजे तमुक. मुलाखतींत तो स्वतःच तेवढं बोलतो म्हटल्यावर लोकांना तरी काय दोष द्यायचा! 'अपोकॅलिप्स नाऊ', 'रेड्स', 'द लास्ट एम्परर' अशी तीन ऑस्कर त्याच्या नावावर आहेत, पण माझ्या मते त्याची खरी करामत काळ्यात आहे. आणि तिचा मोठा हिस्सा रोमच्या टेक्निकलर लॅबमधला, म्हणजे फिल्म धुऊन प्रिंट काढणाऱ्या प्रयोगशाळेतला आहे.

१९८१ च्या 'रेड्स'साठी लॅबच्या एर्नेस्तो नोव्हेली-रिमो यांनी एक प्रक्रिया बसवली. त्यांच्या आद्याक्षरांवरून तिचं नाव ईएनआर. रंगीत प्रिंट (थिएटरात दाखवायची प्रत) डेव्हलप होताना रंगांसोबत काळी चांदीही तयार होते. एरवी ब्लीच त्या चांदीचा पुन्हा क्षार करतो, फिक्सर तो विरघळवून टाकतो आणि प्रिंटवर नुसते रंग उरतात. ईएनआरमध्ये ब्लीचनंतर आणि फिक्सरच्या आधी कृष्णधवल डेव्हलपरची एक जादा टाकी असते. तिच्यात काही चांदी पुन्हा काळी होते आणि मग फिक्सरला दाद देत नाही. म्हणजे रंगांबरोबर एक पुसट कृष्णधवल चित्रही प्रिंटवर राहतं. काळा खरोखर काळा दिसतो, रंग जरा दबतात, पोत उठून येतो.

चांदी राखायला ब्लीचची पायरीच सरसकट गाळण्यापेक्षा हे कधीही सरस, कारण इथे मात्रा हातात राहते. टाकीतला डेव्हलपर कमी-जास्त कडक केला की चांदीही त्या हिशेबात उरते. ती मोजायची इन्फ्रारेड डेन्सिटोमीटरवर, म्हणजे फिल्म किती प्रकाश अडवते ते मोजणाऱ्या यंत्रावर. रंगद्रव्यांतून इन्फ्रारेड आरपार जातो, अडवते ती फक्त चांदी.

बिघडतं कुठे? सावल्यांत. चांदीने कॉन्ट्रास्ट वाढतो, आणि नेहमीच्या प्रिंटवर दिसणारे सावलीतले डोळे इथे सरळ बुजतात. त्यामुळे शूटिंगच्या वेळीच निगेटिव्ह (कॅमेऱ्यातली मूळ फिल्म) पोटभर एक्सपोज करायची, फिल लाइट (सावल्या उजळणारा दिवा) वाढवायचा, आणि कपडे-मेकअपची टेस्ट त्याच मात्रेच्या प्रिंटवर बघायची. शिवाय हे सगळं प्रिंटवर होतं, निगेटिव्ह साधीच राहते. म्हणजे प्रत्येक प्रिंटला जादा टाकी, जादा पैसे, आणि लॅबला परत मिळणारी चांदीही कमी. निर्माते कुरकुरणारच.

एका बाबतीत मात्र या माणसाशी माझं जमत नाही. १९९८ मध्ये त्याने सिनेमा आणि टीव्ही दोघांसाठी २:१ (रुंदी उंचीच्या दुप्पट) अशी एकच चौकट सुचवली, युनिव्हिझियम. पस्तीस एमएमवर एका फ्रेमला फिल्मच्या कडेची चारऐवजी तीनच छिद्रं, म्हणजे फिल्म २५ टक्के वाचली. नव्या कामासाठी उत्तम, आज कितीतरी वेब मालिका २:१ मध्येच असतात. पण तोच आग्रह त्याने जुन्या 'अपोकॅलिप्स नाऊ'वर लादला. २.३५:१ साठी रचलेल्या दृश्यांच्या कडा डीव्हीडीवर कापल्या गेल्या. २०१० च्या ब्लू-रेवर पूर्ण रुंदी परत आली. बघायचा असेल तर तोच बघा.