चेंबर कोणाचं, हिशेब कोणाला?

गावी फोन लावला की हल्ली आंब्याच्या भावाखालोखाल एक विषय हमखास निघतो. परदेशात कोकणचं स्वतःचं चेंबर ऑफ कॉमर्स, म्हणजे व्यापाऱ्यांची संघटना, असायला हवं. हापूस, काजू, कोकम दलालाच्या हाती न देता थेट विकायचं तर तिकडे आपली संस्था पाहिजे, असं बागायतदारांच्या बैठकांत बोललं जातं. मी मूळचा देवगड तालुक्यातला, हॅम्बुर्गला मालवाहतुकीच्या धंद्यात आहे, त्यामुळे हा प्रश्न फिरून माझ्याकडे येतो. चेंबर हवंच, असं मी सांगतो. पण ते कोणाला उत्तर देणार हे पहिल्या दिवशी कागदावर ठरलं पाहिजे. आपल्या लोकांच्या नावाने युरोपात चालणाऱ्या ज्या व्यापारी संस्था मी जवळून पाहिल्या, त्यांतल्या बऱ्याचशा कोणालाच उत्तर देत नाहीत.

माझ्या चुलतभावाचं उदाहरण सांगतो. अशाच एका चेंबरने इथे खरेदीदारांची भेट घडवून आणतो म्हणून कोकणातल्या काही बागायतदारांकडून पैसे घेतले. भावाने सोसायटीच्या कर्जातून वेगळे काढलेले पैसे भरले. सोबत नमुना म्हणून घरच्या कलमांचा आंबा आणला, एकेक फळ कागदात गुंडाळून, पेंढ्यात बसवून. विमानतळावर ती पेटी जप्त झाली. युरोपीय संघात 14 डिसेंबर 2019 पासून प्रवाशाच्या सामानातल्या फळांनाही फायटो, म्हणजे रोग-कीडमुक्त असल्याचं सरकारी प्रमाणपत्र लागतं. नारळ, केळी, अननस, खजूर आणि ड्युरियन एवढ्यांनाच सूट आहे. आंबा त्यात नाही. चेंबरने पाठवलेल्या सूचनापत्रात हॉटेल, जेवण, पोशाख, सगळं होतं. फायटोबद्दल एक ओळ नव्हती.

भेटीच्या दिवशी दालनात जे लोक आले ते चेंबरचेच सभासद होते, विमा विकणारे, सॉफ्टवेअरवाले, एक-दोन हॉटेलवाले. फळं आयात करणारा एकही नव्हता. भाऊ रिकाम्या हाताने परतला. मग त्याने खर्चाचा तपशील मागितला, तर कार्यक्रमाचे फोटो आले. काकांनी फोनवर मला एवढंच विचारलं, "अरे, ह्या चेंबर सरकारचा मा?"

नाही, सरकारचं नाही. पण त्यांना तसं वाटलं यात त्यांचा काही दोष नाही. लेटरहेडवर दोन देशांचे झेंडे होते आणि फोटोत दूतावासाचा अधिकारी दीपप्रज्वलन करत होता. जर्मनीत सात माणसं जमली की संस्था नोंदवता येते. पदाधिकाऱ्यांची नावं न्यायालयाच्या नोंदवहीत कोणालाही पाहता येतात, पण वर्षाचा जमाखर्च जाहीर करण्याची सक्ती अशा संस्थेवर नसते. ब्रिटनमध्ये निदान 1999 च्या कायद्याने 'चेंबर ऑफ कॉमर्स' हे नाव वाटेल त्या कंपनीला सहज लावता येत नाही, परवानगी लागते. कारण उघड आहे. हे नाव ऐकलं की साधा माणूस विश्वास टाकतो.

जर्मनांचं स्वतःचं चेंबर कसं चालतं हे मी इथे रोज बघतो. हॅम्बुर्गच्या चेंबरची मुळं 1665 सालात आहेत, इमारत नगरभवनाच्या पाठीला पाठ लावून उभी. सभासदत्व कायद्यानेच येतं, धंदा नोंदवला की तुम्ही आत. कामं कंटाळवाणी असतात आणि तीच खरी कामं. मालाचा मूळ देश कोणता याचं प्रमाणपत्र देणं, शिकाऊ कामगारांच्या परीक्षा घेणं, नियम बदलला की सभासदाला वेळेत सांगणं. सक्तीची वर्गणी घेतात म्हटल्यावर लोक तावातावाने हिशेबही मागतात. 2017 च्या निवडणुकीत 'चेंबर म्हणजे आम्हीच' असं म्हणत एक बंडखोर गट उभा राहिला. सक्तीची वर्गणी आणि मुख्य व्यवस्थापकाचा गलेलठ्ठ पगार हे त्यांचे मुद्दे. 58 पैकी 55 जागा त्यांनी जिंकल्या. वर्गणी रद्द करण्याचं वचन मात्र त्यांना पाळता आलं नाही आणि 2018 च्या डिसेंबरात त्यांच्या अध्यक्षाला पायउतार व्हावं लागलं. बंडखोरांना निवडून देणाऱ्या सभासदांनी त्यांनाही सोडलं नाही. मला ही गोष्ट फार मोलाची वाटते.

दुसरी गोष्ट 2020 ची. जर्मनीतल्या सगळ्या चेंबरांची एक शिखर संघटना आहे. ती हवामान, ऊर्जा अशा विषयांवर आपल्या अखत्यारीबाहेर जाऊन राजकीय मतं मांडते, माझ्या वर्गणीतून माझ्या नावाने बोलते, अशी तक्रार घेऊन पवनऊर्जेच्या धंद्यातला एक सभासद कोर्टात गेला. सर्वोच्च प्रशासकीय न्यायालयाने त्याच्या बाजूने निकाल दिला, आणि त्याच्या स्थानिक चेंबरला शिखर संघटनेतून बाहेर पडावं लागलं. पुढे कायदाच बदलला, 2023 पासून ती संघटना सार्वजनिक कायद्याखाली आली.

हे सगळं इतकं सविस्तर सांगतोय कारण आमच्या गावच्या ग्रुपवरही न विचारता सगळ्यांच्या नावाने बोलणारी पत्रं फिरतात. राजापूर तालुक्यातल्या तेलशुद्धीकरण प्रकल्पाचा, रिफायनरीचा वाद आठवा. 2018 मध्ये सौदी आणि अबू धाबीच्या तेल कंपन्या भागीदार म्हणून पुढे आल्या, 2019 मध्ये नाणारची अधिसूचना रद्द झाली, 2023 च्या एप्रिलमध्ये बारसूच्या सड्यावर माती परीक्षणासाठी पोलीस बंदोबस्त लागला. या काळात 'परदेशस्थ कोकणी उद्योजकांच्या' नावाने एक पत्र आमच्या ग्रुपवर आलं. प्रकल्प व्हावा, अशी समस्त परदेशस्थांची इच्छा असल्याचं त्यात लिहिलं होतं. मी परदेशस्थ, मी कोकणी, मी धंद्यातला. मला कोणी विचारलं नव्हतं. माझ्या ओळखीच्या एकालाही विचारलं नव्हतं. पत्र विरोधातलं असतं तरी माझी तक्रार हीच राहिली असती. जमीन ज्याची जाणार किंवा नोकरी ज्याला मिळणार, तो राजापूर तालुक्यात राहतो. त्याच्या तोंडावर परदेशातला शिक्का आणून मारायचा, तर शिक्क्यामागे किती माणसं आहेत आणि त्यांनी कोणत्या सभेत मत दिलं, हे सांगितलं पाहिजे.

आपल्या किनाऱ्याने याची उलट बाजूही पाहिलेली आहे. 1836 चं बॉम्बे चेंबर हे प्रामुख्याने ब्रिटिश पेढ्यांचं होतं, म्हणजे आपल्या दृष्टीने परक्यांनी आपल्या बंदरात काढलेलं चेंबर. मुंबईचा व्यापार म्हणून सरकारदरबारी त्याचा शब्द चाले. देशी व्यापाऱ्यांना स्वतःचा आवाज हवा होता म्हणून 1907 मध्ये इंडियन मर्चंट्स चेंबर निघालं, आणि 1927 मध्ये वालचंद हिराचंदांच्या पुढाकाराने महाराष्ट्र चेंबर. कोण कोणाच्या वतीने बोलतो, हा वाद तेव्हाही हाच होता.

गावाकडे एक युक्तिवाद ऐकायला मिळतो की ही माणसं फुकट राबतात, त्यांना हिशेब काय मागायचा. फुकट राबणाऱ्यांबद्दल मला आदर आहे, त्यांतले काही माझे मित्र आहेत आणि नव्याने आलेल्या पोरांना ते घर शोधून देतात, बँकेत खातं उघडून देतात. पण बागायतदाराकडून पैसे घेतले की ते काम फुकटचं राहत नाही.

आणि हिशेब मागणं कोकणी माणसाला शिकवायला नको. 30 सप्टेंबरच्या आत सोसायटीची वार्षिक सभा व्हावी लागते. अहवाल वाचताना चहापाण्याच्या खर्चावरून अर्धा तास भांडण होतं, गेल्या वर्षीपेक्षा छपाई महाग का, म्हणून सचिवाला उभं केलं जातं. तीच माणसं जर्मनीतला पत्ता दिसला की गप्प का बसतात, याचं मला वाईट वाटतं. हॅम्बुर्गमधला माणूस देवगडच्या सचिवापेक्षा जास्त विश्वासाचा का धरायचा?

जर्मनांनी मुंबईत 1956 मध्ये इंडो-जर्मन चेंबर काढलं. परदेशांतल्या अशा चेंबरांना त्यांचं अर्थमंत्रालय काही पैसा देतं, म्हणून तिथे सरकारी हिशेबतपासणीही पोचते. आपल्या सरकारने किमान एवढं करावं की ज्या संस्थेने मागच्या वर्षीचा जमाखर्च आणि सभासदांची यादी खुली केलेली नाही, तिच्या मंचावर दूतावासाच्या अधिकाऱ्याने जाऊ नये. त्या एका खुर्चीवर गावाकडचे पैसे निघतात.

आणि कोकणचं चेंबर निघणारच असेल तर त्यात देवगड, राजापूर, वेंगुर्ल्याच्या सहकारी संस्थांना मताचा हक्क असावा, निव्वळ पाहुण्यांच्या खुर्च्या नकोत. 2014 मध्ये फळमाशी सापडली म्हणून युरोपने आपला आंबा बंद केला आणि 2015 च्या सुरुवातीला बंदी उठली. मधल्या काळात गरम पाण्यात, 48 अंशांना तासभर फळ ठेवण्याची प्रक्रिया बागायतदाराला समजावून सांगणारं माणूस हवं होतं. पुढच्या वेळी ते काम या चेंबरने केलं की नाही, हे बागायतदारांनीच सभेत विचारावं. सभा ऑनलाइन, मराठीत आणि नोव्हेंबरात ठेवा. मोहोर धरला की फवारणी सुरू होते, आणि मार्च ते मे बागेतून कोणी हलत नाही.