हातमोजे शिवणाऱ्याच्या मुलाने 'हॅम्लेट' लिहूच नये का?

शेक्सपिअरची नाटकं त्याने लिहिलीच नाहीत, असं कुणी ठामपणे सांगायला लागलं की माझं डोकं तापतं. शंका घ्यायला माझी हरकत नाही. ती निघते कुठून, ते मला खटकतं. बाप हातमोजे शिवणारा, मुलाने विद्यापीठाची पायरी चढलेली नाही, मग त्याला राजदरबार आणि इटली कशी ठाऊक? म्हणजे आधी जन्म बघायचा आणि मग प्रतिभा कुणाची ते ठरवायचं.

१९२० मध्ये जे. टी. लूनी या इंग्रज शाळामास्तरांनी ऑक्सफर्डचे अर्ल, म्हणजे उमराव, एडवर्ड डी व्हिअर यांना खरे लेखक म्हणून पुढे केलं. हे अर्ल वारले १६०४ मध्ये. शेक्सपिअरच्या 'द टेम्पेस्ट' नाटकामध्ये तर १६०९ साली बर्म्युडाजवळ फुटलेल्या जहाजाच्या हकिकतींचे पडसाद आहेत. समर्थक मग नाटकाचा काळच मागे ओढतात! शेक्सपिअरच्या मृत्युपत्रात हेमिंग्ज, काँडेल आणि बर्बेज या सोबतच्या नटांसाठी पैसे ठेवलेले आहेत. त्यांतल्या पहिल्या दोघांनीच १६२३ मध्ये त्याची नाटकं एकत्र छापून घेतली. ज्यांनी त्याच्यासोबत रंगभूमीवर आयुष्य काढलं, त्यांची साक्ष आपण कशासाठी नाकारायची?

फिलिस व्हीटलीचं प्रकरण तर मला फार लागतं. आफ्रिकेतून लहानपणी पकडून आणलेली, बॉस्टनमध्ये गुलाम म्हणून विकलेली मुलगी. १७७३ मध्ये तिचा कवितासंग्रह निघाला, तेव्हा या कविता हिच्याच आहेत अशी बॉस्टनच्या अठरा प्रतिष्ठितांची ग्वाही पुस्तकात छापावी लागली. कुठल्या गोऱ्या उमरावाकडे असा दाखला मागितला असता?

संहितेतून उठलेली शंका मात्र मला मोलाची वाटते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस 'भारद्वाज' या टोपणनावाने लिहिणाऱ्यांनी ज्ञानेश्वरीकार आणि अभंगकार ज्ञानदेव वेगळे असल्याचं मांडलं. मला ते पटत नाही, पण त्यांनी भाषा आणि भक्तीची तऱ्हा तपासली होती, त्यामुळे त्यांच्याशी वाद घालता येतो. शेक्सपिअरच्या 'हेन्री आठवा'मध्ये त्याच्याच काळातल्या नाटककार जॉन फ्लेचरचा हात आहे, हेही अभ्यासकांनी पद्याच्या लकबींवरूनच ओळखलं.

आणि फ्रेंच लेखिका कोलेत! १९०० मध्ये तिची पहिली 'क्लोदीन' कादंबरी आली, ती नवऱ्याच्या 'विली' या नावाने. मुखपृष्ठावरच्या नावावर शंका घ्यायचीच असेल, तर ती अशा ठिकाणी घ्या.