इनो घालून शॅम्पेन होत नाही

केसर आंबा बाजारात आला की मराठवाड्यातल्या ग्रुपांवर एक मेसेज हमखास फिरायला लागतो. मथळा साधारण 'घरच्या घरी केसर शॅम्पेन, हॉटेलवाले हे सांगणार नाहीत' असा. मजकूर थोडक्यात हा: कुठलीही वाइन घ्या, गोड पोर्ट उत्तम. आंब्याचा रस घालून मिक्सरमधून फिरवा. बर्फाचा चुरा टाका. वरून सोडा ओता, नाहीतर इनोची पुडी सोडा. फेस आला की झाली शॅम्पेन. वाइन मिळत नसेल तर द्राक्षाच्या रसात यीस्ट घालून बाटली घट्ट बंद करा आणि तीन दिवस गच्चीवर ठेवा. उरली तर बाटलीच्या तोंडात चमचा उलटा अडकवा, गॅस जात नाही. शेवटी ठळक अक्षरांत: 'फळाचा रस असल्यामुळे चढत नाही, घरात सगळ्यांना चालते.'

खाली 'काहून एवढे पैसे घालायचे मग, भाऊ?' अशा प्रतिक्रिया आणि हसणारे चेहरे. यातलं एक वाक्य धोकादायकही आहे आणि बेकायदाही, एक फसवं आहे आणि बाकीची चांगल्या फळाची नासाडी करणारी आहेत, म्हणून एकेक घेतो.

'कुठलीही वाइन अधिक सोडा' हे पहिलं. चांगल्या स्पार्कलिंग वाइनमधला गॅस वरून ओतलेला नसतो. तयार वाइनमध्ये थोडी साखर आणि यीस्ट घालून ती दुसऱ्यांदा आंबवतात. फ्रान्सच्या शॅम्पेन प्रांतात हे त्याच बाटलीत होतं, इटलीच्या प्रोसेक्कोसाठी बहुधा मोठ्या बंद टाकीत. यीस्टनं सोडलेला कार्बन डायऑक्साइड बाहेर पडायला वाट नसते, म्हणून तो वाइनमध्येच विरघळतो. शॅम्पेनच्या बाटलीत त्याचा दाब हवेच्या दाबाच्या पाच-सहा पट असतो आणि मोकळा सोडला तर त्या ७५० मिलीतून पाचेक लिटर वायू निघेल. आता निम्मी साधी वाइन आणि निम्मा सोडा करून बघा. गॅस फक्त सोड्यात होता, तो निम्मा झाला. १२ टक्क्यांची वाइन ६ टक्क्यांवर आली, आंबटपणाही निम्मा झाला. हे पेय वाईट नाही. जर्मनी-ऑस्ट्रियात लोक उन्हाळ्यात ते आवडीनं पितात. पण त्यावर आंब्याचा रस ओतला की उरतं ते पातळ, किंचित आंबूस सरबत. आणि पोर्ट? लाल गोड पोर्टमध्ये पिवळाधमक केसर मिसळला की जो रंग येतो त्याचं वर्णन जेवणाआधी वाचणाऱ्यांसाठी टाळतो.

फळ आधीच गोड, मग वाइन कोरडी, म्हणजे कमी साखरेची हवी. बाटलीवर 'ब्रूट' शब्द बघून घ्यायची. त्यात लिटरला १२ ग्रॅमपेक्षा कमी साखर असते. शॅम्पेनच पाहिजे असं मुळीच नाही. नाशिक जिल्ह्यात सुला आणि शाँदों या दोन्ही वाइन कंपन्या ब्रूट करतात.

इनोच्या पुडीबद्दल जरा सविस्तर, कारण हा सल्ला सगळ्यात जास्त लाइक खातो. पुडीवर वाचा: स्वर्जिक्षार आणि निंबूकाम्ल. म्हणजे खाण्याचा सोडा आणि सायट्रिक आम्ल. पाण्यात पडले की दोघं भिडतात आणि कार्बन डायऑक्साइड सुटतो. वायू तोच, हे खरं. पण तो उघड्या ग्लासात, दाबाशिवाय, काही सेकंदांत सुटतो आणि जवळजवळ सगळा हवेत जातो. दिसतो तो फेस, विरघळलेला गॅस नव्हे. दोन घोट होईपर्यंत खेळ खलास. मागे राहतो तो खारट क्षार. पाच ग्रॅमच्या एका पुडीतून अर्ध्या ग्रॅमहून जास्त सोडियम पोटात जातं, आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या हिशेबानं मोठ्या माणसाला दिवसभरासाठी दोन ग्रॅमच्या आत राहायचं असतं. ब्लडप्रेशरच्या गोळ्या चालू असलेल्या काकांनी ही 'शॅम्पेन' तीन ग्लास घेतली तर हिशेब त्यांचा त्यांनी करावा. नुसता खाण्याचा सोडा टाकला तर आणखी वाईट, कारण तो स्वतःसाठी आम्ल वाइनमधूनच ओढून घेतो. वाइनची सगळी धार त्या आम्लात असते. इनो पित्तासाठी आहे, तिथंच राहू द्या.

मिक्सर आणि चुरा हे दोन्ही एकाच जातीचे सल्ले. विरघळलेला वायू सुटायला निमित्त शोधत असतो: हलवणं, उष्णता, खडबडीत पृष्ठभाग. मिक्सर हलवतो, वर पातंही फिरवतो. झाकण उडालं तर ओट्यापासून छतापर्यंत केसरी सडा. बर्फाच्या चुऱ्याला हजार कडा, प्रत्येक कडेवर बुडबुडा धरतो आणि निघून जातो. चुरा वितळून पेय पातळ होतं ते वेगळंच. मिक्सर लागतो, पण फक्त आंब्यासाठी, वाइन जवळपास नसताना.

गार करायचं ते बाटलीलाच. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४२ च्या वर जातो, तेव्हा फ्रिजच्या दारात ठेवलेली बाटली पुरेशी गार होत नाही. स्टीलच्या बादलीत बर्फ, बर्फाच्या बरोबरीनं पाणी आणि मूठभर जाडं मीठ. बाटली गळ्यापर्यंत बुडवून अर्धा तास. पाण्याशिवाय नुसत्या बर्फाच्या खड्यांत पोकळ्या राहतात, पाणी बाटलीला सगळीकडून बिलगतं. सहा ते आठ अंशांवर आणायची. गार द्रवात गॅस जास्त मुरून राहतो, म्हणून गरम बाटली उघडली की अर्धी बाहेर येते आणि गार बाटली नुसती सुस्कारा सोडते. घाईत फ्रीझरमध्ये टाकून विसरलात तर वाइन गोठून फुगते आणि काच तडकते. बर्फाच्या कारखान्यातली निळसर लादी मिळाली तर ती बादलीपुरती ठीक. तो निळा रंग खाण्याचा बर्फ नाही हे कळावं म्हणूनच घालतात, त्यामुळे तिचा तुकडा ग्लासात नको.

आता धोक्याचं वाक्य. द्राक्षाचा रस, यीस्ट, घट्ट बूच, तीन दिवस गच्चीवर. साधा हिशेब करा. आंबताना लिटरमागे सुमारे चार ग्रॅम साखर बंद बाटलीत एक वातावरण, म्हणजे बाहेरच्या हवेइतका दाब तयार करते. शॅम्पेनवाले म्हणूनच लिटरला सुमारे २४ ग्रॅम साखर मोजून घालतात, म्हणजे सहा वातावरणं. तेवढ्यासाठीसुद्धा त्यांची बाटली जाड काचेची, बुडाला खोलगट आणि बूच तारेनं आवळलेलं असतं. पिकलेल्या द्राक्षाच्या रसात लिटरला १८० ते २०० ग्रॅम साखर असते. ती सगळी आंबण्याची वेळ येतच नाही, बाटली त्याच्या कितीतरी आधी फुटते. सरबताची किंवा व्हिस्कीची रिकामी बाटली असल्या दाबासाठी केलेलीच नसते. गच्चीवरच्या उन्हात यीस्टचा वेग वाढतो आणि दाबही. काचेचे तुकडे कुणाच्या डोळ्यात जातील ते सांगता येत नाही. गच्चीवर पापड-कुरडया वाळत असतात आणि पोरं त्या राखत बसलेली असतात.

शिवाय महाराष्ट्रात १९४९ च्या दारूबंदी कायद्याखाली परवान्याशिवाय मद्य तयार करणं हा गुन्हा आहे, भांडं घरचं असलं तरी. आणि चव? जालन्याजवळच्या कडवंचीची द्राक्षं खायला लाजवाब, पण ती खाण्याची द्राक्षं. वाइनची जात वेगळी, शेनिन ब्लांकसारखी, लहान मण्यांची आणि आंबटपणा राखून तोडलेली.

चमच्याचं प्रकरण दोन ओळींत संपतं. उघड्या तोंडात लटकलेला चमचा वायू कसा अडवणार? अमेरिकेत स्टॅनफर्डच्या रसायनशास्त्रज्ञांनी ते तपासूनही पाहिलं, चमच्यानं काही फरक पडला नाही. बाटली गार असल्यामुळे गॅस टिकतो आणि श्रेय चमचा घेतो. पकडीचं झाकण मिळतं ते लावा, बाटली उभी फ्रिजमध्ये ठेवा, दुसऱ्या दिवशी संपवा.

'स्टीलच्या ग्लासात घेऊ नका, विष होतं' अशी एक पुरवणीही या मेसेजला कुणीतरी जोडलेली आहे. स्टेनलेस स्टीलला वाइनच्या आम्लानं काही होत नाही. बुडबुडे दिसत नाहीत एवढंच. कल्हई नसलेल्या तांब्या-पितळेच्या पेल्यात मात्र नको.

'फळाचा रस आहे, चढत नाही.' हा दावा जुन्याच झाडाची फांदी आहे. जानेवारी २०२२ मध्ये राज्य मंत्रिमंडळानं सुपरमार्केटमध्ये वाइन विकू देण्याचा निर्णय घेतला, तेव्हा 'वाइन म्हणजे दारू नव्हे' हे वाक्य गावोगाव पोचलं. विक्रीच्या धोरणावर कुणाचं काय मत असेल ते असो, पण रसायनाला मत नसतं. १२ टक्क्यांच्या १०० मिली वाइनमध्ये १२ मिली शुद्ध मद्य असतं. ४२.८ टक्क्यांच्या व्हिस्कीच्या ३० मिलीच्या छोट्या पेगमध्ये ते १२.८ मिली. म्हणजे केसरी ग्लास आणि छोटा पेग जवळपास सारखे. रसानं मद्य कमी होत नाही, फक्त लपतं, आणि लपलं की माणूस सरबतासारखं भराभर पितो. त्यात गॅसमुळे मद्य रक्तात लवकर उतरतं असंही काही प्रयोगांत दिसलंय. 'सगळ्यांना चालते' यात पोरं येत नाहीत, गरोदर बाई येत नाही आणि घरी गाडी चालवत जाणारा दाजीही येत नाही.

मग करायचं कसं? व्हेनिसच्या हॅरीज बारमध्ये १९४८ च्या सुमारास जुझेप्पे चिप्रियानी यांनी पांढऱ्या पीचच्या गरात प्रोसेक्को ओतली, तीच बेलिनी. प्रमाण एक भाग गर, दोन भाग वाइन. मराठवाडा केसरला भौगोलिक मानांकन आहे, पण त्याचा गर पीचपेक्षा दाट आणि गोड, म्हणून मी एकास तीन ठेवतो: ३० मिली गर, ९० मिली वाइन. आंबा मिक्सरमधून काढून पातळ सुती कापडातून गाळा. रेषा राहिल्या तर त्यांच्यावरच बुडबुडे धरतात आणि फेस ग्लासाबाहेर येतो. लिंबाचे चार थेंब घाला, गर वाइनइतकाच गार करा. ग्लासात आधी गर, मग चमचाभर वाइन टाकून हलकेच एकजीव, मग ग्लास तिरका धरून उरलेली वाइन कडेनं सावकाश. पुन्हा ढवळायचं नाही.

आंबा संपल्यावर जालन्याची मोसंबी आहे. मिमोसात, म्हणजे स्पार्कलिंग वाइन आणि संत्र्याच्या रसाच्या पेयात, संत्र्याची आंबट बाजू वाइनला साथ देते. मोसंबीत आम्ल कमी, म्हणून इथं लिंबू हवंच. रस हातानं, अगदी ओतायच्या वेळी काढा. मोसंबीचा रस ठेवला की कडवट होतो, बिया आणि पांढरी साल मिक्सरमध्ये गेली तर लगेचच होतो. इथं मात्र वाइन आधी आणि रस वरून: रस जड असल्यानं आपोआप खाली उतरून मिसळतो आणि फेस आवरलेला राहतो. जांभळाचा गाळलेला रस, थोडा साखरेचा पाक घालून, रंगाला या दोघांच्याही पुढे. न पिणाऱ्यांसाठी हेच तीन गर गार सोड्यात करा. तिथं सोडा अगदी योग्य जागी आहे.

मेसेजच्या ताज्या आवृत्तीत 'बीडच्या सीताफळाची शॅम्पेन' आली आहे. सीताफळ दाणेदार आणि साईसारखं, आंबट वाइनमध्ये ते ना विरघळतं ना तरंगतं. घाईत बियांसकट मिक्सरमध्ये घातलं तर फुटलेल्या बिया विषारी असतात. बीडचं सीताफळ बासुंदीत घाला.