लाल खोटं, पिवळं खरं

मशीनच्या पार्टवर कुठे किती ताण (स्ट्रेस) येतो, ते मी कॉम्प्युटरवर तपासून देते. त्या कामाचं बिल काल परत आलं. 'मेश कन्व्हर्जन्स' (हिशेबासाठी पार्टचे पाडलेले तुकडे, म्हणजे एलिमेंट, बारीक करत आकडा स्थिरावतो का ते बघणं) या ओळीवर पेनाने आडवी रेघ आणि बाजूला शेरा : 'एकच पार्ट तीनदा का केला? एकदाचेच पैसे मिळतील.' अक्षर कुणाचं ते विचारायची गरज नव्हती. परचेसचे साहेब.

हे गृहस्थ त्या पार्टच्या रिव्ह्यूला का आले होते, देव जाणे. डिझाइनवाले उशिरा आले आणि मोबाइलमध्येच राहिले. साहेब मात्र वेळेवर, बशीत बिस्किटं घेऊन, थेट स्क्रीनसमोर. पार्ट साधा : एल आकाराचा ब्रॅकेट, 12 मिलिमीटरची एमएस (साध्या पोलादाची) प्लेट. स्क्रीनवर सगळा निळा-हिरवा, बोल्टच्या भोकाशी पिवळा पट्टा आणि आतल्या कोपऱ्यात लालभडक, म्हणजे सगळ्यात जास्त स्ट्रेसचा, ठिपका. साहेबांनी बिस्किटाचं तुपकट बोट बरोब्बर त्या ठिपक्यावर टेकवलं.

"मॅडम, हे लाल काय?"

"ते सोडा. ते खरं नाहीये."

साहेबांनी बोट काढलं, पुसलं आणि माझ्याकडे असं बघितलं, जणू भाजीवालीने स्वतःच 'ही जुडी कालची आहे' म्हणून सांगावं.

मी समजावायला घेतलं. ड्रॉइंगमध्ये त्या कोपऱ्याला रेडियसच, म्हणजे गोलाईच, दिलेली नाही. असल्या धारदार कोपऱ्यात गणिताच्या हिशेबाने स्ट्रेस अनंत असतो. मेश बारीक कराल तसा आकडा चढतच जातो. 310, एलिमेंट निम्मे केले की 425, पुन्हा निम्मे केले की 583 मेगापास्कल. आधी रेडियस द्या, मग तिथला खरा आकडा काढू. भोकाशी मात्र 212, 219, 221. म्हणजे आकडा जागेवर बसला, भरवशाचा झाला. प्लेट 250ला यील्ड होते, म्हणजे कायमची वाकायला लागते. फॅक्टर ऑफ सेफ्टी, म्हणजे 250 भागिले 221, जेमतेम 1.13 येतोय, तुम्हाला हवाय 1.5. काळजी पिवळ्याची करा.

"म्हणजे लाल खोटं आणि पिवळं खरं?"

"या पार्टमध्ये, हो."

"आणि जितकं बारीक बघाल तितकं लाल वाढतं?"

"हो."

"मग बघता कशाला एवढं बारीक?"

डिझाइनवाल्यांपैकी एक जण मोबाइलमध्ये हसला. साहेबांना चेव आला. "मागच्या वेंडरने हिरवंगार करून दिलं होतं. बाजूला ती आकड्यांची पट्टी असते ना, तिच्यातला वरचा आकडा हजार करायचा. संपलं!"

खरी चीड मला इथे आली, कारण ते बरोबर बोलत होते. लेजेंड, म्हणजे ती पट्टी, ताणलं की कुठलाही ब्रॅकेट पोपटी होतो. या माणसाला यील्ड माहीत नव्हतं, लेजेंडची पळवाट मात्र तोंडपाठ.

मग मी नॉर्वे काढलं. स्लाइप्नर ए नावाचा तेलाचा प्लॅटफॉर्म, 23 ऑगस्ट 1991, स्टाव्हांगरजवळचा फ्योर्ड, म्हणजे समुद्राची अरुंद खाडी. फायनाइट एलिमेंट ॲनालिसिसमध्ये, म्हणजे याच तुकडे पाडून केलेल्या हिशेबात, काँक्रीटच्या भिंतींवरचा शिअर (कातरणारा) स्ट्रेस 47 टक्के कमी दाखवला गेला, भिंती पातळ राहिल्या आणि चाचणीत अख्खा तळ बुडाला. नंतर नीट हिशेब केला तेव्हा भिंत 62 मीटर खोलीवर फुटेल असं उत्तर आलं. प्रत्यक्षात फुटली होती 65 मीटरवर.

साहेबांनी शांतपणे ऐकून घेतलं. "नॉर्वेला समुद्र आहे, मॅडम. हे चाकणला लागणार आहे."

कॉलेजात न्यूमेरिकल मेथड्सच्या पेपरला न्यूटन-राफसन ही समीकरण सोडवायची रीत चार दशांश स्थळांपर्यंत करायला लावायचे. तिसऱ्या स्थळावर घसरलात की मार्क गेले. कॅल्क्युलेटर रेडियनऐवजी डिग्रीत राहिला म्हणून अख्खा प्रश्न वाहून गेलेली हुशार पोरं मी पाहिली आहेत. तेव्हा वाटायचं, बाहेर जग आपल्या चौथ्या दशांशाची वाट बघत ताटकळलंय. जगाला पोपटी रंग हवा होता.

आणि म्हणे तीनदा का केला! अहो, तीनदा केला म्हणून तर लाल खोटं असल्याचं कळलं. एकदाच चालवून 310 छापून दिला असता, तर सगळे त्या कोपऱ्याच्याच मागे लागले असते आणि भोकाशी प्लेट होती तशीच गेली असती. तपासून बघण्याला आपल्याकडे दर नाही. चित्राला आहे. नगावर.

शेवटी डिझाइनवाल्यांनी मोबाइल उपडा ठेवला आणि कोपऱ्याला रेडियस, प्लेट 16ची, असं कबूल केलं. 221चे 166 होतात, फॅक्टर 1.5, हे तर तोंडी गणित. बदलाच्या फॉर्मवर 'कारण' या रकान्यात साहेबांनी स्वहस्ते लिहिलं : 'कलर प्रॉब्लेम'. मी हरकत घेतली, तर म्हणाले, "वरच्यांना कळेल असं लिहावं लागतं, मॅडम."

आज सकाळी त्यांच्या स्टोअरमधून फोन. "मॅडम, त्या ब्रॅकेटच्या कलरचं काय ठरलं? आमच्याकडे ग्रेचा डबा फोडलेला आहे. चालेल का?"

चालेल म्हटलं.