क्रेट रिकामा झाला की

उसाची तोड सुरू झाली की जुन्नर, आंबेगाव, शिरूर या पट्ट्यातून फोन येऊ लागतात. फडाच्या मध्यावर, पाचटात, कधी डोळेही न उघडलेली बिबट्याची दोन-तीन पिल्ले सापडलेली असतात आणि "आई टाकून गेली" असे सांगणारा माणूस मनापासून कळवळलेला असतो. बहुतेक वेळा आई कुठेही गेलेली नसते. कोयत्यांच्या आणि ट्रॅक्टरच्या गलबल्याला बुजून ती शेजारच्या उभ्या उसात अंधाराची वाट पाहत दडलेली असते.

बिबट्यांच्या बचावाच्या या कामात माझी अठरा वर्षे गेली, तरी भेटणारा प्रत्येक जण एकच विचारतो, "किती बिबटे वाचवले?" पिंजऱ्यात आलेल्या जनावरांच्या संख्येवरून बचावकार्य मोजण्याची ही सवयच मला मान्य नाही. आईविना वाढलेल्या बछड्याला शिकार शिकवणारे कोणी नसते आणि माणसाची भीतीही उरत नाही, त्यामुळे त्याला जंगलात सोडणे जवळजवळ अशक्य होऊन बसते. माणिकडोहच्या निवारा केंद्रात असे जन्मभर गजाआड राहिलेले बिबटे पाहिल्यावर, पिल्लू छातीशी धरून काढलेले फोटो मला कौतुकाचे वाटत नाहीत. (पूर्वी मीही असे फोटो काढले आहेत.)

मोठ्या बिबट्यांच्या बाबतीतही हेच घडले. २००१ ते २००३ या काळात जुन्नर भागात बिबटे पकडून दूर सोडण्याचा सपाटा लावला गेला आणि माणसांवरील हल्ले उलट वाढले, हे वन्यजीव संशोधक विद्या अत्रेय यांच्या संशोधनातून पुढे आले. टाकळी ढोकेश्वरच्या विहिरीतून काढलेला 'आजोबा' नावाचा बिबट्या २००९ मध्ये माग काढण्यासाठी गळ्यात रेडिओ कॉलर लावून माळशेज घाटात सोडला, तर तो शंभराहून अधिक किलोमीटर चालत मुंबईच्या राष्ट्रीय उद्यानापर्यंत पोहोचला. मात्र ज्या घरातले मूल बिबट्याने नेले, त्या घरी जाऊन हे सांगण्याची हिंमत मला आजही होत नाही, आणि होऊही नये.

मागच्या हंगामात ऊसतोडीच्या टोळीतल्या एका बाईने दोन पिल्ले खोपीत नेऊन गोधडीत गुंडाळली होती. ती परत फडात ठेवू या, असे म्हटल्यावर टोळीचा मुकादम चिडला, तेव्हा ती बाईच त्याला म्हणाली, "माझंबी लेकरू दिसभर बांधावर निजतंय, म्हून काय म्या टाकलंय व्हय त्याला?" माझ्या अठरा वर्षांच्या व्याख्यानांत इतके नेमके वाक्य मला सुचलेले नाही.

संध्याकाळी हातमोजे घालून पिल्ले टोमॅटोच्या क्रेटमध्ये ठेवली, सापडली होती त्याच सरीत क्रेट मांडला, कॅमेरा लावला आणि सगळ्यांना लांब नेले. रात्री मादी आली, एक पिल्लू तोंडात धरून घेऊन गेली आणि बऱ्याच वेळाने दुसऱ्यासाठी परत आली. सकाळी मी रिकामा क्रेट उचलत असताना शेतमालकाने शांतपणे विचारले, "सर, तोड थांबली त्या दिवसाचे पैसे टोळी माझ्याकडे मागतीय. ते कोण देणार?"

माझ्याकडे उत्तर नव्हते.