मुंबईला निघालेलं जहाज

सांगलीत एक मराठी सिनेमा तीन दिवसांत उतरला. त्यावर दादानं घरच्या ग्रुपवर लिहिलं, "जे कुणी बघत नाही त्याला सरकारनं अनुदान का द्यायचं? लोकांना हवं ते काढा, थिएटरं भरतील." खाली सगळ्यांचे अंगठे. मी इकडे पोर्तुगालमध्ये, पोर्तू शहरात, रात्रभर उत्तर लिहीत आणि खोडत बसले.

दादा, मराठी बोलणारे आपण आठ कोटींच्या वर. हा देश जेमतेम एक कोटीचा. इथली नटी लिओनोर सिल्व्हेरा 1988 साली, विशीच्या आतच, दिग्दर्शक मानोएल द ऑलिव्हेराच्या सिनेमात आली आणि 2012 पर्यंत त्याच्याकडे काम करत राहिली. डझनाहून जास्त सिनेमे, गल्ल्यासाठी काढलेला त्यातला एकही नाही. 1993 चा 'वाले अब्राआंव' तीन तासांहून मोठा. दोउरो नदीकाठचे द्राक्षमळे, आणि त्यात लंगडत चालणारी तिची एमा. कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर थांबतो आणि ती काहीच 'करून दाखवत' नाही. हे पडद्यावर आणायला किती धीर लागतो! तेव्हा दिग्दर्शक चौऱ्याऐंशी वर्षांचा होता. त्याला कुणी गल्ला विचारत बसलं असतं, तर ही बाई आम्हाला दिसलीच नसती.

इथे सिनेमाला पैसा मिळतो तो मुख्यतः टीव्हीवरच्या जाहिरातींच्या आणि वर्गणीच्या टीव्ही सेवांवरच्या करांतून. 2012 साली मंदीत नवं अनुदान दिलंच गेलं नाही, त्याला सिनेमावाले अजून 'शून्य वर्ष' म्हणतात. आपल्याकडे अनुदान थांबलं तर त्या वर्षाला कुणी नाव तरी ठेवेल का?

हे सगळं लिहून झालं, पण पाठवलं नाही. कारण लिओनोरचा 2003 चा 'उं फिल्म फालादो', म्हणजे 'एक बोलपट'. त्यात ती इतिहासाची प्राध्यापक आहे. लहान मुलीला घेऊन लिस्बनहून जहाजानं निघते, मुंबईला, नवऱ्याला भेटायला. वाटेत पाँपेई, अथेन्स, इस्तंबूल. पोर प्रश्न विचारते, आई समजावते. कप्तानाच्या टेबलावर फ्रेंच, इटालियन, ग्रीक, इंग्रजी, जो तो आपल्या भाषेत बोलतो आणि सगळ्यांना सगळं कळतं. ही येऊन बसते तेव्हा मात्र सगळे इंग्रजीवर येतात. पोर्तुगीज कुणालाच येत नाही. तिथे मला हुंदका आवरेना. हिच्या भाषेची बाजू मी दादाशी तावातावानं मांडते. माझ्या भाषेसाठी मात्र अकरा वर्षांत एकदाही थिएटरात तिकीट काढलेलं नाही. सुट्टीत सांगलीला गेले की लग्नं, बँक आणि दातांचा डॉक्टर. बाकी दादा पाठवतो त्या लिंका. तो सिनेमा तीन दिवसांत उतरला, त्यात मीही आहे. दादा तरी पहिल्या दिवशी जाऊन आला होता.

परवा इथल्या सेराल्व्हेश संग्रहालयात जाताना मेट्रोत लेकीला ही गोष्ट सांगितली. मुंबई जवळ आली असती, पण एडनला जहाजावर बॉम्ब ठेवतात आणि मायलेकी पोचत नाहीत, इथपर्यंत. मी मराठीत सांगत होते. ती ऐकत होती, आणि तिनं पोर्तुगीजमध्ये विचारलं, "मग तिचे बाबा बंदरावर किती वेळ थांबले?"

मी उत्तर दिलं. पोर्तुगीजमध्येच दिलं, आणि ते कळेपर्यंत आमचं स्टेशन आलं होतं.