पंधराचा निळा

नळ स्टॉपच्या सिग्नलला एका स्कूटरवाल्यानं माझ्या काचेवर टकटक केली. म्हणाला, "ब्रेक लावलाय हे मागच्यांना स्वप्नात यायचं का?" ब्रेकलाइट लागत नव्हते तर. मी उपकार मानायला हवे होते, पण स्वभाव आड आला आणि मी हॉर्न दाबला. हॉर्नही वाजला नाही. तो हसला, सिग्नल सुटला, तो गेला. कुणावर तरी हॉर्न वाजवायला जावं आणि नुसतं प्लॅस्टिक दाबल्याचा आवाज यावा, याच्यासारखा दुसरा पाणउतारा नाही. पुण्यात तर नाहीच.

आता एकमेकांशी काडीचा संबंध नसलेल्या दोन गोष्टी एकाच दिवशी मेल्या, तर फ्यूज गेला असं समजायचं. एवढं मला येतं. जुनी गाडी बाळगणाऱ्याला हे आपोआप येत जातं, जसं सासुरवाडीत कुठल्या खुर्चीवर बसायचं नाही ते येतं. गाडी २००७ सालची. मी तिसरा मालक. २०२२ साली पंधरा वर्षं भरली तेव्हा तिची पुनर्नोंदणी केली, आणि नेमकी त्याच वर्षी एप्रिलपासून त्याची फी सहाशेची पाच हजार झाली होती. वर हरित कर. म्हणजे गाडी कायदेशीर आहे. पुढे जे घडलं त्यात या मुद्द्याला महत्त्व आहे, म्हणून आत्ताच सांगून ठेवतो.

तर रविवारी संध्याकाळी मी सोसायटीच्या पार्किंगमध्ये फ्यूज बघायला बसलो. बसलो म्हणजे काय, उलटा झालो. फ्यूजचा डबा स्टिअरिंगच्या खाली, उजवीकडे, बॉनेट उघडायच्या खटक्याच्याही मागे. कारखान्यात ज्यानं ही जागा ठरवली त्याला गुडघे, कंबर आणि मान हे तीन अवयव नसावेत. कंबर दाराच्या उंबऱ्यावर, डोकं क्लचच्या पेडलपाशी, पाय बाहेर फरशीवर. एक हात डब्यात, दुसऱ्या हातात बायकोचा भुवया कोरायचा चिमटा, कारण फ्यूज उपटायचा प्लॅस्टिकचा चिमटा आधीच्या दोघांपैकी कुणीतरी हरवलेला. आणि टॉर्च तोंडात. टॉर्च तोंडात होती हे विसरू नका.

हे फ्यूज दिसायला मोठे गोड असतात. नखाएवढं रंगीत पारदर्शक प्लॅस्टिक, खाली दोन पाती, आत एक बारीक कमान. कमान शाबूत तर फ्यूज शाबूत, कमान मधून तुटलेली तर गेला. लाल दहा अँपिअरचा, निळा पंधराचा, पिवळा वीसचा, हिरवा तीसचा. पोराला खेळायला द्यावेत असे. ही पात्यांची जात १९७६ साली अमेरिकेत निघाली. वडिलांच्या पद्मिनीत मात्र चिनी मातीचे असायचे, दोन्ही टोकांना निमुळते, अंगावरून धातूची पट्टी गेलेली. पांढरा आठचा, लाल सोळाचा. दिवे गेले की वडील बोटानं तो फ्यूज जागेवरच जरा फिरवायचे. आले तर आले, नाहीतर मागच्या सीटवरच्या काकांकडे सिगारेटचं पाकीट मागायचे आणि त्यातली चांदी गुंडाळायचे. वडील स्वतः ओढत नव्हते, पण सिगारेट ओढणारं एक माणूस बरोबर घेतल्याशिवाय लांबच्या प्रवासाला निघत नसत. आईला वाटायचं, मैत्री आहे.

असो. मी उलटा होतो, आणि उलट्या माणसाला जग चपलांपुरतंच दिसतं. अशा दोन चपला माझ्या पायांपाशी येऊन थांबल्या. कोल्हापुरी. डाव्या चपलेचा अंगठा तुटलेला आणि तिथे तांब्याची तार गुंडाळलेली. तिघा-चौघा पदरांची, नीट पीळ दिलेली, टोक आत मुडपलेलं. त्या तारेवरून मला पुढचं सगळं कळायला हवं होतं.

"काय रे, किती वेळ लागेल?"

बी विंगमधले काका. आमची ओळख आहे. लिफ्टमध्ये, मीटिंगला, गणपतीत. नेहमी ‘अहो’, ‘काय म्हणताय’ वगैरे. हा ‘काय रे’ नवीन होता.

"ऊं," मी म्हणालो. टॉर्च.

"ऊं काय ऊं? गाडी ए-३०४ ची ना?"

ए-३०४ म्हणजे मीच. "ऊं."

"मग पैसे आधी घे."

माझ्या तेव्हा लक्षात आलं की काका माझ्या पायांशी बोलत नव्हते, मेकॅनिकच्या पायांशी बोलत होते. जुनी चड्डी, गुडघ्याला ग्रीस, तोंड गाडीत. त्यांचं काय चुकलं म्हणा. टॉर्च काढून ‘काका, मीच आहे’ म्हणायला हवं होतं, हेही कबूल. पण आपल्या पाठीमागे आपल्याविषयी काय बोलतात हे ऐकायची सोय माणसाला सहसा मिळत नाही. मी टॉर्च अजून घट्ट धरली.

"माणूस वाईट नाहीये," काका म्हणाले. "पण मेंटेनन्स देताना हात आखडतो."

एकदा! एकदाच उशीर झाला, आणि तोही सोसायटीनं बँकेचं खातं बदललं आणि नव्या खात्याचा नंबर फलकावर लावताना एक आकडा खाल्ला म्हणून. माझे पैसे नऊ दिवस हवेत होते. ते परत आल्यावर मी भरले, वर दंड भरला. त्या आकड्याबद्दल आजतागायत कुणी चकार शब्द काढलेला नाही. पण ते जाऊ दे.

"मीटिंगला येतो. मागे बसतो. बिस्किटं खातो, जातो."

हे खरं आहे.

"आणि ही गाडी! पंधरा वर्षं झाली की मोडीत काढायची असते. कायदा आहे."

"ऊंऽऽ!" मी म्हणालो. या ऊंमध्ये पुनर्नोंदणी, पाच हजार, हरित कर, फिटनेस आणि २०२७ पर्यंतची मुदत असं सगळं होतं. काकांपर्यंत फक्त ऊं गेला.

"हां, बघ, तुलाही पटतंय."

एव्हाना उलटं झाल्यामुळे तोंडातली लाळ कानाकडे निघाली होती. डब्याच्या झाकणावर कुठला फ्यूज कशाचा त्याची चित्रं असतात. ती मुंगीच्या मापाची. हॉर्नचं चित्र आणि पंख्याचं चित्र यांत फरक करायला चाळिशी लागत होती, आणि चाळिशी खिशात, खिसा अंगाखाली.

तेवढ्यात दोन छोट्या गुलाबी रबरी चपला आल्या.

"आजोबा, हे काका मेले का?"

"नाही गं बाळा. काम करतोय तो."

"मग हलत का नाहीत?"

"अवघड काम आहे."

"हे ए विंगचे काका आहेत. त्यांची चड्डी आहे ही."

मी श्वास रोखला. सोसायटीत एवढी माणसं राहतात, पण डोळे असलेली ती एकटीच.

"असल्या चड्ड्या सगळ्यांकडे असतात," काका म्हणाले आणि विषय मिटला. गुलाबी चपला थोडा वेळ उभ्या राहिल्या. त्यांना पटलं नव्हतं. मग गेल्या.

मला फ्यूज सापडला. झाकणावर त्या जागेपाशी १५ छापलेलं आणि आत बसवलेला लाल, दहाचा. आधीच्या मालकानं गाडीला दुप्पट आवाजाचे दोन हॉर्न बसवून घेतलेत, ते दोघं मिळून आठ-नऊ अँपिअर खातात. ब्रेकचे दोन बल्ब एकवीस-एकवीस वॅटचे, त्यांचे साडेतीन. नुसता हॉर्न दाबा, लाल तग धरतो. नुसता ब्रेक दाबा, धरतो. पण हॉर्न आणि ब्रेक एकदम दाबायचे नाहीत असं ठरवलं तर पुण्यात गाडी चालवायची कशी? त्यानं इतके दिवस काढले हेच पुष्कळ. चिमट्यानं ओढून काढला तर आतली कमान मधोमध तुटलेली आणि प्लॅस्टिकवर काळा धब्बा.

"फ्यूज गेला काय?" काका खाली वाकले असावेत, आवाज जवळून आला. "तीसचा टाक. परत जाणारच नाही."

हे त्यांचं शंभर टक्के खरं आहे. पंधराच्या जागी तीसचा टाकला तर फ्यूज जाणार नाही, वायर जाईल. गालिच्याखालून, सीटखालून, पेट्रोलच्या टाकीच्या दिशेनं मागच्या दिव्यांपर्यंत गेलेली सतरा-अठरा वर्षांची वायर. फ्यूज जायलाच बसवलेला असतो हो! घरात एकानं तरी चटकन तुटायचं असतं म्हणजे बाकीचं घर जळत नाही. हे सगळं मी टॉर्चमधून सांगायचा प्रयत्न केला.

"आणि तीसचा नसेल तर सरळ तार टाक. आमच्या घरी मी तारच टाकतो. चार पदरी. एकवीस वर्षं झाली, फ्यूज गेलेला नाही."

मी त्या चपलेच्या अंगठ्याकडे बघितलं. बी विंग कशावर उभी आहे ते मला कळलं.

"बरं, इथं तेलबिल सांडू नको. आणि पाणी लागलं तर वॉचमनच्या पिंपातलं घे. वर जाऊन कुणाच्या बेला वाजवायच्या नाहीत. लिफ्ट कामगारांना नाही, बोर्ड लावलाय."

इथे मला जरा लागलं. म्हणजे ‘बिस्किटं खातो’ला हसलो होतो मी, पण पिंपातलं पाणी आतपर्यंत गेलं. ते पिंप मी बघितलंय. त्याच्या तळाशी काय आहे तेही बघितलंय. माझ्याकडे काम करायला येणाऱ्या माणसांना पाणी कुठलं प्यायला मिळतं, हा प्रश्न मला त्या दिवसापर्यंत पडला नव्हता. आणि तो लिफ्टचा बोर्ड ज्या मीटिंगमध्ये मंजूर झाला, त्या मीटिंगला मी होतो. मागे. मी हातही वर केला होता. दुसऱ्या हातात बिस्किट होतं.

"किती सांगणार आहेस त्याला?"

"ऊं."

"पाचशे सांग. फ्यूज गेला म्हणू नको, वायरिंग गेलं म्हण. त्याला काय कळतंय!"

नवा निळा माझ्याकडे नव्हता. डब्यात जादा फ्यूजच्या तीन जागा असतात, तिन्ही रिकाम्या. अशा वेळी कमी गरजेच्या जागेवरचा उपटून आणायचा असतो, म्हणून मी सिगारेट पेटवायच्या सॉकेटचा निळा काढला. तोही गेलेला! बोट घालून बघितलं तर सॉकेटच्या तळाशी एक रुपयाचं नाणं, आडवं पडलेलं. म्हणजे दीड वर्षं मोबाइल चार्ज होत नव्हता तो या रुपयापायी. मी तीन चार्जर घेतले. दुकानदाराशी भांडलो. तिसऱ्या चार्जरच्या वेळी तो म्हणाला होता, "साहेब, एकदा गाडीचा फ्यूज बघा," आणि मी त्याला म्हणालो होतो, "मला शिकवू नका."

शेवटी मागची काच तापवायच्या तारांचा निळा काढला. पुण्यात मागची काच तापवायचं काम ऊन फुकट करतं. कमान शाबूत होती. हॉर्नच्या जागेवर ठेवला, अंगठ्यानं दाबला, टक्कन बसला. आणि खात्री करायला हात वर करून चाचपडत हॉर्न दाबला.

दोन्ही हॉर्न. बंद पार्किंगमध्ये. मी सुद्धा डोकं पेडलवर आपटून घेतलं. चपला जागच्या जागी उडाल्या. उजवी खाली आली ती पायासकट, डावी पायाशिवाय. तारेनं दगा दिला होता.

"वाजवायच्या आधी सांगायचं, गाढवा!"

डावी चपल हातानं उचलली गेली. एक चपल आणि एक अनवाणी पाऊल लिफ्टकडे निघून गेलं. लिफ्टचं दार बंद झाल्याचा आवाज येईपर्यंत मी तसाच पडून राहिलो. मग बाहेर आलो. ब्रेकलाइट बघायला कुणी नव्हतं, म्हणून गाडी भिंतीकडे पाठ करून लावली, ब्रेक दाबला आणि आरशात भिंत लाल झालेली बघितली.

दुसऱ्या दिवशी सकाळी लिफ्टमध्ये काका भेटले. हातात दुधाची पिशवी, पायात नवे सँडल.

"अहो, काल तुमच्या गाडीचं काम करत होता, तो बरा आहे का? आमच्या स्कूटरचं बघायचं होतं."

"बरा आहे," मी म्हणालो. टॉर्च नसताना मला बऱ्यापैकी बोलता येतं.

"किती घेतले?"

मी काकांकडे बघितलं. काका माझ्याकडे मनापासून काळजीनं बघत होते.

"पाचशे," मी म्हणालो. "वायरिंग गेलं होतं."

काकांनी जीभ चावली. "लुटलं हो तुम्हाला! मला विचारायचं होतं ना. नुसता फ्यूज असणार, दहा रुपयांचा." मग जरा जवळ येऊन, आवाज खाली आणून म्हणाले, "परत बोलावू नका त्याला. पितो. काल मी दहा मिनिटं उभा होतो, एक शब्द धड निघेना तोंडातून."